न चाखतां रांधलेला भात

कैरोहून परत आलेल्या माणसानें पिरॅमिडांविषयीं बोलावें अशी सर्वांची अपेक्षा असते. आमच्या घरींही तसेंच झालें. आल्या दिवशीं रात्रीं जेवणें आटोपल्यावर सारें कुटुंब माजघरांत जमलें, मुलांनीं प्रश्नांची नुसती झोड उठविली, आणि मी मात्र बोलतां बोलतां एका भाताच्या हकीकतीवर येऊन ठेपलें. मुलें हिरमुसलीं. परंतु पिरॅमिड साडेचार हजार वर्षें उभे आहेत. त्यांचें वर्णन आणखी चार दिवसांनीं केलें तरी बिघडत नाहीं. भाताची गोष्ट मात्र तोंडाला चव आहे तोंवरच सांगावी, म्हणून तीच आज वाचकांपुढें ठेवीत आहें.

माझा थोरला मुलगा नोकरीनिमित्त सहकुटुंब कैरोंत असतो. त्याच्या आग्रहावरून आम्ही उभयतां २०२५ च्या फेब्रुवारीअखेर तिकडे गेलों आणि एप्रिलच्या मध्यापर्यंत राहिलों. त्याचें बिऱ्हाड शहराच्या ईशान्येस हेलिओपोलिस या भागांत आहे. स्थानिक लोक या भागास ‘मस्र अल्-गदीदा’ म्हणतात. एंपँ नांवाच्या एका बेल्जियन धनिकानें १९०५ पासून वाळवंटांत हें उपनगर वसविलें. रुंद रस्ते, कमानींचीं पडवी असलेलीं जुनीं घरें, आणि मध्येंच उभा असलेला त्याचा स्वतःचा वाडा! १९०७ ते १९११ या वर्षांत बांधलेल्या या वाड्याची घडण कंबोडियांतील अंकोरवाट व आपल्याकडील हिंदु देवळें यांच्या धर्तीवर केली आहे. शिखरासारखा मनोरा व भिंतींवरील मूर्ति पाहून परक्या गांवीं ओळखीचें माणूस भेटावें तसें मला वाटलें. पुष्कळ वर्षें ओस पडलेला हा वाडा दुरुस्त होऊन २०२० सालीं लोकांस पाहण्यासाठीं खुला झाला.

परंतु देवळासारखा वाडा पाहून पोट भरत नाहीं. घरीं सूनबाई स्वयंपाक करीतच असे; बाहेर पडल्यावर मात्र पंचाईत होई. ‘आम्ही मांस खात नाहीं’ हें वाक्य तेथील लोकांना समजे, पण पटत नसे. मांस नको म्हटलें कीं ते कोंबडी पुढें करीत, आणि कोंबडी नको म्हटलें कीं मासळी. शेवटीं वरच्या मजल्यावर राहणाऱ्या कॉप्टिक ख्रिस्ती बाईंनीं आम्हांला एक शब्द शिकविला. तो शब्द ‘सियामी’, म्हणजे उपासाचें. ईजिप्तमधील हे प्राचीन ख्रिस्ती लोक वर्षांतून दोनशेंहून अधिक दिवस उपास पाळतात, व त्या दिवसांत मांस, अंडीं, दूध, लोणी, तूप यांपैकीं कांहीं घेत नाहींत. कांहीं उपासांत मासे चालतात, म्हणून तेवढें मात्र विचारून घ्यावें लागतें. ‘सियामी’ म्हटल्याबरोबर दुकानदाराच्या कपाळावरील आठी नाहींशी होई. आम्ही काय खात नाहीं हें सांगून जें साधलें नाहीं, तें आम्ही व्रतस्थ आहों एवढें सांगून साधलें.

त्या वर्षीं योगही मोठा विलक्षण होता. कॉप्टिक लोकांचा पंचावन्न दिवसांचा मोठा उपास २४ फेब्रुवारीस सुरू झाला होता आणि १ मार्चपासून रमझान लागला. वरच्या मजल्यावर दूध-तूप वर्ज्य केलेलें कुटुंब, समोरच्या बिऱ्हाडांत पहांटेपासून सूर्यास्तापर्यंत पाण्याचा थेंबही न घेणारें कुटुंब, आणि त्यांच्यामध्यें एकादशी-चतुर्थी सांभाळणारे आम्ही! एका जिन्यावर तीन धर्मांचे उपास एकमेकांच्या शेजारीं नांदत होते, आणि कोणालाही दुसऱ्याचें कांहीं नवल वाटत नव्हतें.

आतां भाताकडे वळतें. ईजिप्त म्हणजे भाकरीचा देश ही आपली समजूत खरी आहे, परंतु भातही तेथें रोजचाच आहे. नाईल नदी समुद्रास मिळण्यापूर्वीं जेथें फांटे फुटून पसरते त्या त्रिभुज प्रदेशांत भाताचीं खाचरें आहेत. तेथील तांदूळ आंखूड, जाडसर व शिजल्यावर किंचित् चिकट होणारा असतो. भात हें पाण्याचें पीक, आणि ईजिप्तचें सारें पाणी एका नदीचें; म्हणून तेथील सरकार दरसाल कोणीं किती जमिनींत भात लावावा यावर निर्बंध घालतें. २०१८ सालीं तर हें क्षेत्र फारच कमी करण्यांत आलें. रोजच्या जेवणांत त्या बायका तुपांत तांबूस परतलेल्या बारीक शेवयांबरोबर तांदूळ शिजवितात. या शेवयांना ते ‘शारेया’ म्हणतात. अरबी भाषेंत ‘शार’ म्हणजे केस. नांव ऐकून मीं प्रथम ‘शेवया’च ऐकल्या, व सूनबाईनें चूक दाखवीपर्यंत तसेंच म्हणत राहिलें. रस्त्यांतून मिळणारी ‘कोशरी’ म्हणजे तांदूळ, मसूर, मॅकरोनी व हरभरे यांवर तळलेला कांदा व टोमॅटोचें आंबट कालवण. तिचें मूळ आपल्या खिचडींत आहे असें पुष्कळ लोक मानतात. हे दोन्ही भात रोजचे. सणावारीं व लग्नकार्यांत मान असतो तो तिसऱ्या भाताचा, आणि त्याचें नांव ‘रोझ बिल्-खल्ता’. खल्ता म्हणजे मिश्रण.

या भाताची ओळख मला समोरच्या बिऱ्हाडांतील बाईंनीं करून दिली. तिकडे प्रौढ स्त्रीला तिच्या नांवानें हांक मारण्याची चाल फारशी नाहीं. थोरल्या मुलाचें नांव घेऊन ‘अमक्याची आई’ असें म्हणतात. त्यांच्या चालीस धरून मीही येथें त्यांचें नांव घेत नाहीं. त्या मला ‘हाग्गा’ म्हणत. मक्केची यात्रा करून आलेली ती हाग्गा, परंतु कोणत्याही वयस्क बाईला मान म्हणून तसें म्हणतात. माझी यात्रा काशी-रामेश्वरापलीकडे गेलेली नाहीं. अर्थ समजल्यावर मला हसूं आवरेना, आणि त्याही मनमोकळेपणें हंसल्या. आमच्या दोघींत भाषा नव्हतीच. सूनबाई दोन वर्षांत शिकलेल्या अरबीवर आमचें दळणवळण चाले.

रमझानांत शेजाऱ्यास इफ्तारला बोलावल्याशिवाय तेथील गृहिणीला चैन पडत नाहीं. बाईंनीं २५ मार्चचा दिवस ठरविला आणि मोठ्या हौसेनें सांगितलें कीं मुख्य पदार्थ खल्ता भात करणार. सूनबाईचा चेहरा उतरला. ती हळूच म्हणाली, “आई, त्यांत कलेजी असते.” तें खरें होतें. तुपांत तळलेले बदाम, पिस्ते, बेदाणे यांबरोबर कोंबडीच्या कलेजीचे तुकडे घालणें ही त्या भाताची रीत, व तांदूळ शिजवावयाचा तोही मांसाच्या पाण्यांत. आम्ही दोघींनीं अवघडून सांगितलें कीं आम्ही अवश्य येऊं, पण फळेंच घेऊं. बाई क्षणभर गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, “कलेजी नसेल. मांसाचें पाणीही नसेल. तुमचा खल्ता वेगळा होईल.”

आज हें लिहितांना सोपें वाटतें. पण वाचकांनीं असा विचार करून पाहावा, कीं होळीच्या दिवशीं पाहुणा म्हणाला, ‘पोळी करा, पण पुरण घालूं नका,’ तर आपणांस काय वाटेल? पाहुण्याच्या पानांतून मानाचा घास काढून घ्यावयाचा, आणि तरीही तें पान मानाचें ठेवावयाचें, ही कामगिरी त्या बाईंनीं आपण होऊन अंगावर घेतली होती.

दोन दिवस आधीं त्या आम्हांला बाजारांत घेऊन गेल्या. अल्-अहराम स्थानकावर आम्ही मेट्रोंत बसलों. मधले डबे बायकांसाठीं राखीव असतात, त्यामुळें प्रवास निवांत झाला. बाब-अल्-शारिया येथें उतरून जुन्या शहरांतून पायीं गेलों. फातिमी राजांनीं इ. स. ९६९ मध्यें वसविलेलें कैरो तें हेंच. अल्-अझर मशिदीजवळून घुरिया भागांत शिरलें कीं थेट बाब झुवेला या १०९२ सालीं बांधलेल्या वेशीपर्यंत बाजारच बाजार आहे. रमझान असल्यामुळें गल्लोगल्लीं रंगीत कांचेचे ‘फानूस’ टांगलेले. मसाल्याच्या व्यापाऱ्याला तिकडे ‘अत्तार’ म्हणतात. आपल्या भाषेंत हा शब्द सुगंधी तेलें विकणाऱ्याचा झाला. तेथें तो दालचिनी, लवंग, जिरें, औषधी पाले विकणाऱ्याचा आहे. पोत्यांचीं तोंडें उघडून ठेविलेलीं, आणि त्या सर्वांचा मिळून जो वास येत होता तो मला माझ्या माहेरच्या कोठीच्या खोलींत घेऊन गेला.

रमझानांत सुक्या मेव्याला ‘यामीश’ म्हणतात. बदाम, अक्रोड, पिस्ते, बेदाणे, अंजीर, आलुबुखार, जर्दाळू, आणि जर्दाळूच्या रसाची चामड्यासारखी वाळविलेली पोळी; तिचें नांव ‘कमर अद्-दीन’, व ती पाण्यांत विरघळवून उपास सोडतांना पितात. ‘बुंदुक’ नांवाचें एक वाटोळें टणक फळही होतें; त्याला आपल्याकडे हल्लीं हेझलनट म्हणतात. मला मौज वाटली ती नांवांची. चिंचेला तेथें ‘तमर हिंदी’, म्हणजे हिंदी खजूर म्हणतात. नारळाला ‘गोझ हिंद’, म्हणजे हिंदुस्थानचें कवची फळ म्हणतात. आणि भुईमुगाला म्हणतात ‘फूल सूदानी’! ज्या देशाकडून वस्तु आली, त्या देशाचें नांव तिच्या गळ्यांत बांधून ते लोक मोकळे झाले.

हा व्यवहार कालपरवांचा नाहीं. इ. स. पूर्व १२१३ मध्यें मृत्यु पावलेल्या दुसऱ्या रामसेस राजाच्या शवाच्या नाकपुड्यांत मिरीचे दाणे सांपडले आहेत, आणि मिरी ही मूळची आपल्या मलबारची. तांबड्या समुद्राच्या कांठीं बेरेनिके या जुन्या बंदराचें उत्खनन झालें, तेव्हां तेथील देवळाच्या आवारांत हिंदुस्थानी घडणीच्या एका रांजणांत साडेसात किलो मिरी मिळाली. ती पहिल्या शतकांतील होती. त्याच गांवीं तांदूळ, मूग व नारळ यांचेही अवशेष मिळाले. त्याच शतकांत ईजिप्तमधील एका ग्रीक भाषा बोलणाऱ्या व्यापाऱ्यानें लिहिलेल्या ‘पेरिप्लस’ या पुस्तकांत आपलीं कल्याण, सोपारा, चौल हीं बंदरें व आंतील पैठण आणि तेर हीं गांवें नमूद आहेत. तेव्हां कैरोंतील अत्ताराच्या दुकानांत मला माहेर आठवलें यांत आश्चर्य तें काय?

खरेदीच्या वेळीं बाईंचा हात आंखडता होता, हें माझ्या नजरेंतून सुटलें नाहीं. २०२४ च्या मार्चमध्यें ईजिप्तच्या पौंडाची किंमत एकदम उतरली. डॉलरला एकतीस पौंड पडत ते पन्नासच्या घरांत गेले. बदाम-पिस्ते परदेशांतून येतात, तेव्हां ते सामान्य कुटुंबाच्या आवांक्याबाहेर गेले. आमच्याभोंवतीं बायका ‘तोम्न, तोम्न’ म्हणत होत्या. म्हणजे अष्टमांश किलो, सव्वाशें ग्रॅम. बाईंनीं बदाम एक तोम्न घेतले, बुंदुक एक तोम्न घेतलें, बेदाणे पाव किलो घेतले, आणि पिस्त्यांजवळ येऊन थबकल्या. पुढें सरकून त्यांनीं शेंगदाणे घेतले. मग परत फिरल्या आणि पिस्तेही घेतले. मीं पिशवींतून पैसे काढले, तों त्यांनीं माझा हात असा दाबून धरला कीं पुन्हा तसें करण्याचें धाडस मला झालें नाहीं.

२५ तारखेस सकाळीं दारावरची घंटा वाजली. बाई दारांत उभ्या. सूनबाईशीं कांहीं बोलल्या आणि ती स्वयंपाकघरांत जाऊन आमचें जाड बुडाचें पातेलें, झांकण व झारा घेऊन आली. मीं विचारलें तेव्हां ती म्हणाली, “त्या म्हणतात, माझ्या भांड्यांत आजवर सारें कांहीं शिजलें आहे. हाग्गांच्या मनांत किंतु राहूं नये.” मीं या गोष्टीचा एका शब्दानेंही उल्लेख केला नव्हता. पण मनांत तो किंतु होता, आणि तो त्यांनीं माझ्या चेहऱ्यावर वाचला होता. मला त्या वेळीं आनंद झाला असें लिहिणें खोटें होईल. मला लाज वाटली.

त्यांनीं दिवसभर पाणीही न घेतां रांधावें आणि आपण भरल्या पोटानें बघत बसावें, हें मला प्रशस्त वाटेना. म्हणून त्या दिवशीं मी सकाळचा चहा व दोन संत्रीं एवढ्यावरच राहिलें. दुपारीं तीन वाजतां सूनबाईला घेऊन त्यांच्या स्वयंपाकघरांत जाऊन बसलें.

प्रथम त्यांनीं कांदा, गाजर, दोन वेलदोडे, तमालपत्र व मस्तकी नांवाच्या सुगंधी डिंकाचे दोन खडे पाण्यांत उकळून तें गाळून ठेविलें. मांसाच्या पाण्याऐवजीं हें. तांदूळ धुऊन अर्धा तास भिजविले व निथळले. मग पातेल्यांत म्हशीचें तूप घातलें. त्याला ते ‘समना’ म्हणतात, आणि वासांत तें आपल्या कढविलेल्या तुपाहून मुळींच निराळें नाहीं. त्यांत बदाम, बुंदुक, शेंगदाणे एकामागून एक तांबूस तळून काढले. प्रत्येकाचा वेळ निराळा, म्हणून एकत्र कधींच नाहीं. पिस्ते केवळ दाखविल्यासारखे घालून काढले. सर्वांत शेवटीं बेदाणे. ते मण्यासारखे फुगले कीं तत्काळ बाहेर. त्याच तुपांत बारीक चिरलेला कांदा घालून तो जवळजवळ तपकिरी होईपर्यंत परतला. दुसऱ्या लहान भांड्यांत दोन चमचे साखर जाळून तिचा तांबडा पाक केला व गाळलेल्या पाण्यांत मिसळला. त्या भाताचा तो विशिष्ट रंग कांदा आणि ही साखर यांतूनच येतो. मग दालचिनीची पूड, आणि मिरी, लवंग, जायफळ, वेलदोडे, धणे यांचा ‘बहारात’ हा मसाला, त्यावर तांदूळ. दाणा न्‌ दाणा तुपानें माखला तेव्हां उकळतें पाणी ओतलें.

आतां मीठ. बाईंनीं बरणींत हात घातला, चिमटी भरली, टाकली. दुसरी भरली, थोडें परत ठेविलें, उरलेलें टाकलें. आपल्याकडे या वेळीं पाण्याचा थेंब जिभेवर घेऊन पाहतात. मीं सूनबाईकरवीं विचारलें, “चाखून नाहीं पाहत?” त्या म्हणाल्या, “उपास आहे ना! आई म्हणत असे, मीठ जिभेनें मोजूं नये, हातानें मोजावें.”

मी स्तब्ध झालें. आमच्या घरीं नैवेद्याचा स्वयंपाक कोणी चाखीत नाहीं. देवाच्या आधीं जिभेला लावलें कीं तें उष्टें झालें. नवी सून घरांत आली कीं तिची खरी परीक्षा याच दिवशीं होते. सासूबाईंनीं माझी घेतली होती. न चाखतां रांधणें ही आपलीच विद्या असा माझा समज होता. येथें ही बाई महिनाभर रोज तसेंच रांधीत होती, आणि तिच्यासारख्या त्या शहरांत किती घरांतून किती जणी! कारण निराळें, पण त्यांच्या व माझ्या हातांचें शिक्षण एकच.

पाणी तांदळाच्या बरोबरीस आटलें. बाईंनीं आंच अगदीं मंद केली व झांकण घातलें. इतक्यांत माझा फोन वाजला. पुण्याहून धाकट्या जाऊबाई बोलत होत्या. तिकडे रात्रीचे साडेआठ वाजले होते. “वहिनी, आज पापमोचनी एकादशी. तिकडे पंचांग नसेल म्हणून आठवण द्यायला सासूबाईंनीं सांगितलें होतें, आणि मी दिवसभर विसरलें.”

लग्न होऊन आलें त्या वर्षापासून एकेचाळीस वर्षांत मीं एकही एकादशी मोडली नव्हती. सुदैवानें त्या दिवशीं चहा व फळें यांपलीकडे कांहीं पोटांत गेलें नव्हतें. पण समोर पातेल्यांत माझ्यासाठीं मुद्दाम रांधलेला भात शिजत होता. आणि एकादशीस वर्ज्य काय, तर मुख्यतः तेंच! ज्या बाईनें माझ्यासाठीं कलेजी सोडली, माझें भांडें मागून नेलें, मोजक्या पैशांतून पिस्ते घेतले, तिला आतां कोणत्या तोंडानें सांगावें? घरीं जाऊन यांना विचारलें, तर हे म्हणाले, “मनांत नमस्कार करून चार शितें तोंडांत टाक.” तें सोपें होतें. पण तिनें माझा किंतु ओळखला होता. तिच्यापुढें लपवालपवी करणें मला जमेना. मीं सूनबाईला सांगितलें, “जसेंच्या तसें सांग.”

बाईंनीं ऐकून घेतलें. “सूर्यास्तानंतरही चालत नाहीं?” “नाहीं, उद्यां सकाळपर्यंत नाहीं.” त्यांनीं मान डोलविली. माझ्या मनांत होतें कीं त्या दुखावतील. त्या दुखावल्या नाहींत. म्हणाल्या, “उपास तो उपास. देवाला दिलेला शब्द मी मोडायला लावीन काय?” मग विचारलें, “चालतें काय?” फळें, दूध, खजूर, सुका मेवा, असें सूनबाईनें सांगितलें. तशा त्या मोठ्यानें हंसल्या. भातावर पसरण्यासाठीं तळून ठेविलेले बदाम, पिस्ते, बेदाणे त्यांनीं एका बशींत भरले, आणि म्हणाल्या, “मग अर्धा खल्ता आज खा, अर्धा उद्यां!” आमचें पातेलें त्यांनीं उघडलेंही नाहीं. त्यावर फडकें बांधून, भात निवला कीं तसाच शीतकपाटांत ठेवण्यास बजावून, त्यांनीं तें आमच्या घरीं पोंचतें केलें.

सहा वाजून दहा मिनिटांच्या सुमारास दूरचित्रवाणीवर तोफेचा बार झाला व अजान सुरू झाली. सर्वांनीं खजूर तोंडांत घातला, मींही घातला. त्यांच्या घरच्या मंडळींचा कलेजीचा भात वेगळ्या पातेल्यांत होता. तो त्यांनीं खाल्ला, यांनीं व मुलानें पोळ्या, डाळ व भाजी घेतली, आणि मी व बाई समोरासमोर बसून दूध पीत त्या बशींतले बदाम वेंचीत राहिलों. त्या रात्रीं त्यांनींही भात घेतला नाहीं. भूक नाहीं म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशीं द्वादशी. शिळा भात पारण्याला घ्यावा कीं नाहीं हा वाद मीं मनांत उपस्थितच होऊं दिला नाहीं. भात वाफवून गरम केला, उरलेला मेवा वर पसरला व पान वाढलें. किंचित् गोड, किंचित् तिखट, दालचिनीचा वास, मध्येंच बेदाण्याचा रस आणि बदामाचा कुरकुरीतपणा. आपल्या मसालेभात व केशरीभात यांच्या मधली ती चव. मीठ बरोबर होतें. तेवढ्यांत घंटा वाजली. बाई दारांतूनच विचारीत होत्या, आणि विचारलें तें एकच: “मीठ?” तो भात शिजविणारीनें अद्याप जिभेवर ठेविला नव्हता, हें तेव्हां माझ्या लक्षांत आलें. स्वयंपाक करणारीला तिकडे ‘तस्लम ईदेकी’ म्हणतात; तुझे हात सुखरूप राहोत. तेवढी अरबी मला येत होती, ती मीं उच्चारली, आणि हात धरून त्यांना आंत आणलें. पण रोजा होता; त्या नुसत्या बसल्या व मला जेवतांना पाहून गेल्या.

त्यांची बशी मीं रिकामी परत केली नाहीं. ३० मार्चला आपला पाडवा होता, आणि रमझानाचा तो तिकडचा शेवटचा दिवस. तेथें मिळणाऱ्या ‘लबना’ या चक्क्याचें श्रीखंड करून तें मीं बशींत घालून दिलें. करतांना मींही तें चाखलें नाहीं. दोन्ही कारणें त्यांना एकदम समजलीं.

ज्या भगिनींस हा भात करून पाहावयाचा असेल त्यांच्यासाठीं सहा माणसांचें प्रमाण देतें. आंबेमोहर तांदूळ तीन वाट्या, साजूक तूप अर्धी वाटी, मध्यम कांदे दोन, बदाम व काजू प्रत्येकीं अर्धी वाटी, पिस्ते पाव वाटी, बेदाणे अर्धी वाटी, हवे असल्यास चिरलेले जर्दाळू सहा-सात, जाळण्यासाठीं साखर दोन लहान चमचे, दालचिनीची पूड एक लहान चमचा, मिरी-लवंग-जायफळ-वेलदोड्यांची पूड मिळून एक लहान चमचा, चवीप्रमाणें मीठ. भिजविलेल्या तांदळास दीडपट ते पावणेदोनपट कढतें पाणी पुरतें. मंद आंचेवर वीस मिनिटें व उतरल्यावर दहा मिनिटें झांकण काढूं नये. निम्मा मेवा भातांत हलक्या हातानें मिसळावा, निम्मा वर पसरावा. साखर जाळतांना ती काळी पडूं देऊं नये. एक क्षण चुकला तर सारा भात कडू होतो.

परत आल्यावर एका रविवारीं मीं हा भात घरीं केला. कांदा असल्यामुळें नैवेद्याचा प्रश्न नव्हता. तरीही चाखला नाहीं. सासूबाई आतां अठ्ठ्यायशीं वर्षांच्या आहेत. सारी हकीकत त्यांनीं ऐकलेली होती. पान वाढल्यावर त्यांनीं विचारलें, “भांडें तिनें मागून नेलें, तूं दिलें नाहींस?” मीं म्हटलें, “मला सुचलेंच नाहीं, त्यांना सुचलें.” त्या कांहीं बोलल्या नाहींत. दोन घांस खाऊन म्हणाल्या, “मीठ कमी आहे.” तें खरेंच कमी होतें, माझा हात त्या बाईंच्या हाताइतका तयार नाहीं. मग थोड्या वेळानें त्यांनीं विचारलें, “तिकडे जेवल्यावर काय म्हणतात म्हणालीस?” मीं सांगितलें. तो शब्द त्यांच्या कवळींतून नीट उमटेना. दोनदां प्रयत्न करून त्यांनीं तो सोडून दिला, आणि आपल्या मराठींतच म्हणाल्या, “हात सुखरूप राहोत. तुझे आणि तिचेही.”